बाबा गेले, फ्लॅटमध्ये आई राहते, आणि सोसायटी म्हणते ‘तुम्हाला मत नाही’

रानजाई
सोमवार, रात्री ९.४०

नमस्कार. इथे सोसायटीच्या कामात मुरलेले बरेच जण आहेत, म्हणून विचारते.

आमचं घर डोंबिवलीत. इमारत १९९४ ची, ६४ सदनिका. फ्लॅट आणि भाग दाखला (शेअर सर्टिफिकेट) दोन्ही फक्त बाबांच्या नावावर. बाबांना जाऊन चौदा महिने झाले. त्यांनी २००६ मध्येच आईच्या नावाने नामनिर्देशन (नॉमिनेशन) केलं होतं. त्याची पोच आमच्याकडे आहे, त्यावर तेव्हाच्या सचिवांची सही आणि शिक्का आहे. दिवस झाल्यावर महिन्याभरात आईने साध्या कागदावर अर्ज लिहून मृत्यूच्या दाखल्यासकट कमिटीकडे दिला. त्याला आजवर उत्तर नाही. मेंटेनन्सची पावती अजून बाबांच्या नावानेच येते, आता नावाआधी ‘कै.’ जोडलेलं असतं. पैसे आई दर महिन्याला वेळेत भरते.

आता पुनर्विकासासाठी विशेष सर्वसाधारण सभा आहे, पुढच्या महिन्यात. आईने सचिवांना विचारलं तेव्हा ते म्हणाले, “वहिनी, तुम्ही सभेला या, बसा, पण हात वर करू नका. तुम्ही सभासद नाही.” कारण विचारलं तर म्हणाले की तुमच्या मुलाने तोंडी हरकत घेतली आहे, सगळे वारस एकमताने आले तर बघू.

दादा पुण्याला असतो. त्याचं म्हणणं, फ्लॅट आत्ताच दोघा भावंडांच्या नावावर करावा. आईला ते नको आहे, आणि मलाही नको आहे. घरातलं भांडण इथे मांडायचं नाही, ते आम्ही बघू. मला एवढंच कळून घ्यायचं आहे की तीस वर्षं त्या घरात राहिलेली, ज्या इमारतीच्या पहिल्या गणपतीची वर्गणी दारोदार फिरून जिने गोळा केली ती बाई, आज ती इमारत पाडायची की नाही यावर हात वर करू शकत नाही, हे कायद्यात खरंच असं आहे का?

कोथरूडकर
सोमवार, रात्री १०.१५

मी स्वतः नऊ वर्षं सोसायटीचा सचिव होतो, म्हणून दुसरी बाजू सांगतो. कमिटी दुष्टपणा करते असं लगेच समजू नका. आमच्याकडे एका वारसाला सभासद करून घेतलं, तर तीन महिन्यांत दुसऱ्याच्या वकिलाची नोटीस आली. पगार नाही, मानधन नाही, आणि उत्तरं मात्र आम्ही द्यायची. त्यामुळे हरकत आली की कमिटी हात आखडते. सगळ्या वारसांचं एकमत आणा, हा सर्वात सुरक्षित मार्ग आहे.

सहकारातला_म्हातारा
सोमवार, रात्री ११.०५

कोथरूडकर, तुमची भीती समजते. सहकार खात्यात एकतीस वर्षं काढली, अशा भीतीने अडलेल्या फायली ढिगाने पाहिल्या. पण ‘सगळे वारस एकमताने या’ ही अट कायद्याने घातलेली नाही, कमिट्यांनी स्वतःच्या सोयीसाठी घातलेली आहे.

रानजाई ताई, नीट वाचा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० मध्ये २०१९ साली गृहनिर्माण संस्थांसाठी वेगळं प्रकरण घातलं गेलं. त्याची कलमं १५४ब पासून सुरू होतात. त्यातलं १५४ब-१३ नेमकं तुमच्यासाठी आहे. सभासद वारला की त्याचा हक्क मृत्युपत्र, वारस दाखला, उत्तराधिकार प्रमाणपत्र किंवा वारसांनी केलेली कौटुंबिक व्यवस्था यांच्या आधारे पुढे जातो. त्याला वेळ लागतो. मधल्या काळात सदनिका बिनमालकाची राहू नये, म्हणून नामनिर्देशित व्यक्तीला ‘तात्पुरता सभासद’ करून घ्यायचं. तिथे शब्द ‘करून घेईल’ असा आहे, ‘वाटल्यास करून घेईल’ असा नाही. आणि १५४ब-११ मध्ये तात्पुरत्या सभासदाला मताचा हक्क दिलेला आहे.

म्हणजे तुमच्या दादाची हरकत मालकीबद्दल आहे, आणि आईंचा अर्ज सभासदत्वाबद्दल. या दोन गोष्टी एका दोरीला बांधायच्या नाहीत. मालकी कुणाची हे कमिटीने ठरवायचं नसतं, तो तिचा अधिकारच नाही.

सातबारा
मंगळवार, सकाळी ७.२०

ताई, शहरात निदान पावतीवर ‘कै.’ तरी लिहितात. आमच्याकडं कारखान्याच्या मतदार यादीत मेलेली माणसं ‘कै.’ शिवायच असतात. माझा आजा वारल्यावर अकरा वर्षं यादीत होता. शेअर त्याच्या नावावर, ऊस माझ्या बापाच्या नावानं जायचा, आणि मत कुणालाच नाही. वारस नोंदीचा अर्ज तीनदा दिला. पहिल्यांदा सांगितलं संचालक मंडळाच्या बैठकीत ठेवू, दुसऱ्यांदा सांगितलं अर्ज सापडत नाही, तिसऱ्यांदा सांगितलं निवडणूक लागलीय, आता नवी नोंद होत नाही.

ही जी तिसरी गोष्ट आहे ना, तिथंच सगळं अडतं. तुमची सभा लागलीय म्हणून सांगतो, आज उद्या करू नका.

वकील_वाडा
मंगळवार, सकाळी १०.३०

सातबारा यांनी जे सांगितलं त्याला सर्वोच्च न्यायालयाचा आधार आहे, आणि तो सभासदांना महागात पडणारा आहे. २००१ साली महाराष्ट्रातल्याच एका दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात (श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दुग्ध उत्पादक संस्था विरुद्ध महाराष्ट्र शासन) न्यायालयाने सांगितलं की मतदार यादी तयार करणं हा निवडणूक प्रक्रियेचाच भाग आहे. प्रक्रिया एकदा सुरू झाली की रिट याचिका करून ती थांबवायची नाही. निवडणूक होऊ द्यायची आणि मग निवडणुकीला आव्हान द्यायचं.

आता आव्हान द्यायचं म्हणजे कलम ९१ खाली सहकार न्यायालयात वाद दाखल करायचा, निकाल लागल्यापासून दोन महिन्यांच्या आत. तो वाद किती वर्षं चालेल हे सांगता येत नाही. पाच वर्षांची मुदत संपून पुढची निवडणूक आली तरी आधीच्या निवडणुकीचा वाद पुराव्याच्याच टप्प्यावर अडकलेला, अशी प्रकरणं मी स्वतः चालवली आहेत. म्हणून माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येकाला मी सांगतो, यादीचं भांडण प्रारूप यादी लागते तेव्हा, हरकतींच्या मुदतीत भांडा. त्याहून चांगलं म्हणजे निवडणूक लागायच्या वर्षभर आधी.

रानजाई, तुमची निवडणूक नाही, विशेष सभा आहे, तेव्हा हा निकाल तुम्हाला थेट लागत नाही. पण वेळेचं गणित तेच.

पिठलं_भाकरी
मंगळवार, सकाळी १०.४२

आमच्या सोसायटीत सभेची वेळ साडेदहा, सभा सुरू अकराला, कारण अर्धा तास थांबलं की तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही हे लहान पोरांनाही पाठ आहे. मात्र पुनर्विकासाचा विषय निघाला त्या दिवशी लोक दहालाच येऊन खुर्च्या धरून बसले होते!

शेंगदाणा_चटणी
मंगळवार, सकाळी ११.००

पिठलं_भाकरी, आमच्याकडे तर खुर्च्या कमी पडल्या म्हणून लोकांनी घरून पाट आणले :)

मीनल_ठाणे
मंगळवार, दुपारी २.१०

रानजाई, तुझी पोस्ट वाचून राहवलं नाही. मी ५२ वर्षांची आहे, मिस्टर सहा वर्षांपूर्वी गेले. फ्लॅट दोघांच्या नावावर होता, त्यांचं नाव पहिलं, माझं दुसरं. मला वाटलं आपलं काही अडणार नाही. तरी पहिल्या वार्षिक सभेत एक गृहस्थ उठून म्हणाले, “तुमच्याकडून तुमचा मुलगा येऊ दे ना.” मुलगा तेव्हा बारावीत होता. मी उभी राहिले. हात थरथरत होते, पण भाग दाखला पर्समध्ये ठेवलेला होता. तो काढून दाखवला. अध्यक्ष भले माणूस, त्यांनी स्वतः सांगितलं की संयुक्त सभासदांत पहिल्या नावाचा माणूस हजर नसेल तर दुसऱ्या नावाला मत असतं, आणि पहिला माणूस आता नाही. विषय तिथे संपला.

पण त्या पाच मिनिटांत मला जे वाटलं ते मी विसरलेले नाही. ज्यांचे नवरे आज हयात आहेत त्या सगळ्या मैत्रिणींना मी सांगते, बाई, भाग दाखल्यावर तुझं नाव आहे का ते आज संध्याकाळी बघ.

वाऱ्यावरची_वरात_नाही
मंगळवार, दुपारी ३.३०

मीनलताई, आत्ताच कपाटातून काढून बघितलं. माझं नाव नाही. वीस वर्षं हप्ता मी भरलाय.

डॅलसचा_देशपांडे
मंगळवार, रात्री ८.५०

थोडं अवांतर. माझा फ्लॅट पुण्यात, मी अमेरिकेत. धाकट्या भावाला कुलमुखत्यारपत्र देऊन ठेवलंय. गेल्या सभेत त्याला मतदान करू दिलं नाही. पत्र नोटरी केलेलं आहे, दूतावासाचा शिक्का आहे. मग अडचण काय?

सहकारातला_म्हातारा
मंगळवार, रात्री ९.३५

देशपांडे, सहकारी संस्थेत मत स्वतः हजर राहून द्यायचं असतं, प्रतिनिधीमार्फत नाही. ही काही नवी कुरबूर नाही, सहकाराचा पायाच तो आहे. भांडवली कंपनीत जितके शेअर तितकी मतं, आणि ती दुसऱ्याच्या हाती देता येतात. इथे माणसाला मत आहे. १८४४ साली इंग्लंडमध्ये रॉचडेलच्या विणकरांनी दुकान काढलं तेव्हापासून ‘एक सभासद, एक मत’ हे तत्त्व आहे.

पण तुमच्यासाठी वाट ठेवली आहे. २०१९ च्या त्याच प्रकरणात ‘सहयोगी सभासद’ची व्याख्या बदलली. नवरा-बायको, आईवडील, भाऊ, बहीण, मुलगा, मुलगी, जावई, सून, भाचा, पुतण्या, भाची, पुतणी यांपैकी कुणाची तरी सभासदाने लेखी शिफारस करायची. असा सहयोगी सभासद मूळ सभासदाच्या आधी दिलेल्या लेखी संमतीने मत देऊ शकतो. म्हणजे कुलमुखत्यारपत्र फाईलला राहू द्या आणि भावाला सहयोगी सभासद करून घ्या. अर्ज पाठवा, पोच घ्या.

कोथरूडकर
मंगळवार, रात्री १०.१०

एक सभासद एक मत हे सगळीकडे खरं नाही. माझा मुलगा बाणेरला राहतो, तिथे सोसायटी नाही, अपार्टमेंट आहे, १९७० च्या अपार्टमेंट मालकी कायद्याखाली. तिथे ज्याचा अविभाज्य हिस्सा मोठा त्याच्या मताचं वजन जास्त. चार खोल्यांचा मालक आणि एका खोलीचा मालक सारखे धरत नाहीत. घर घेताना हे कुणी विचारत नाही. बिल्डर ‘सोसायटी’ हाच शब्द वापरतो, प्रत्यक्षात कागद अपार्टमेंटचे असतात.

वकील_वाडा
बुधवार, सकाळी ९.१५

कोथरूडकर, हा मुद्दा फार महत्त्वाचा. माझ्याकडे आलेल्या एका कुटुंबाने वर्षभर सहकार खात्याच्या उपनिबंधक कार्यालयात अर्ज केले सोसायटी समजून, आणि शेवटी कळलं की घोषणापत्र अपार्टमेंटचं आहे. आधी नोंदणीचा कागद बघा, मग कायदा उघडा.

काल रात्री तुमच्या पहिल्या प्रतिसादावर विचार करत होतो. दुसऱ्या वारसाची नोटीस येईल या भीतीवरचा उपाय सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली इंद्राणी वाही प्रकरणात देऊन ठेवलाय. ते प्रकरण पश्चिम बंगालच्या कायद्याखालचं होतं. तिथे वडिलांनी विवाहित मुलीच्या नावे नामनिर्देशन केलं होतं, आणि घरातल्या इतरांचा त्याला विरोध होता. न्यायालय म्हणालं, संस्थेने नामनिर्देशनाप्रमाणेच वागायचं, ते संस्थेवर बंधनकारक आहे. मात्र बाकीच्या वारसांना आपला वारसाहक्क योग्य न्यायालयात मागायची मोकळीक राहते. आपल्याकडचा १५४ब-१३ तोच विचार आणखी उघडपणे मांडतो. मग कमिटीने नोटिशीला दोन ओळींचं उत्तर द्यावं: आम्ही मालकी ठरवलेली नाही, कायद्याप्रमाणे तात्पुरती नोंद केली आहे. अशा उत्तरासाठी कुणीही सचिव अडचणीत आलेला मी पाहिला नाही.

कोथरूडकर
बुधवार, सकाळी ९.५०

हे आम्हाला तेव्हा कुणी सांगितलं असतं तर एका म्हाताऱ्या बाईंना दोन वर्षं ताटकळत ठेवलं नसतं आम्ही. त्यांचा चेहरा डोळ्यांसमोर आहे.

ओसरी
बुधवार, दुपारी १२.२०

रानजाई, एक विचारू का? तुझ्या बाबांच्या आई, म्हणजे तुझी आजी, हयात आहेत का?

सगळे जण बायको आणि मुलं एवढंच मोजतात. हिंदू वारसा कायदा १९५६ प्रमाणे मृत्युपत्र न करता पुरुष गेला तर पहिल्या वर्गाच्या वारसांत त्याची आईही येते, मुलांइतक्याच हिश्श्याने. आमच्याकडे हक्कसोड पत्र तयार झालं, सह्या झाल्या, आणि दुय्यम निबंधकांकडे गेल्यावर वकिलाच्या लक्षात आलं की आजी राहून गेली.

रानजाई
बुधवार, दुपारी १.०५

ओसरी, आजी आहे! ९१ वर्षांची, संगमेश्वरजवळ काकांकडे असते. आमच्यापैकी कुणाच्या डोक्यातच आलं नाही. म्हणजे आई, आजी, दादा, मी, चार सारखे हिस्से?

सगळ्यांचे आभार. रात्री सगळं आईला वाचून दाखवलं. सातबारा यांची अकरा वर्षांची गोष्ट ऐकून तिने चष्मा काढला आणि म्हणाली, “चल, उद्या अर्ज परत लिहू.”

ओसरी
बुधवार, दुपारी १.२०

मृत्युपत्र नसेल तर हो, चार सारखे. पण ती मालकीची वाटणी झाली. म्हातारेबुवांनी सांगितल्याप्रमाणे आईच्या तात्पुरत्या सभासदत्वाला ती वाट अडवत नाही.

सातबारा
बुधवार, संध्याकाळी ६.४०

आमचं पुढं काय झालं ते सांगायचं राहिलं. साखर कारखान्याला निबंधकाचे अधिकार प्रादेशिक सहसंचालक (साखर) यांच्याकडं असतात. तिथं गेलो. चुलतभाऊ बारा-तेरा जण, सगळ्यांचा एकच प्रश्न. आम्ही कागद लावले: सातबाऱ्यावरची वारस नोंद, मृत्यूचा दाखला, ऊस घातल्याच्या पावत्या. समोरचे म्हणाले हे कार्यक्षेत्राबाहेरचे, हे शेतकरीच नव्हेत. माणूस शेतकरी आहे का, कार्यक्षेत्रात राहतो का, हे ठरवायचा अधिकार कलम ११ खाली निबंधकाला असतो हे तिथं गेल्यावर कळलं. आमच्या हातात माती, पायात माती, आणि आम्ही शेतकरी आहोत हे सिद्ध करायला आठ तारखा लागल्या.

नोंद झाली. बापाचं मत पुढच्या निवडणुकीला पडलं. तो तेव्हा ७४ वर्षांचा, पहिल्यांदा कारखान्याला मत दिलं. सकाळी अंघोळ करून धुतलेलं धोतर नेसून गेला.

शेताच्या_बांधावर
बुधवार, संध्याकाळी ७.१५

सातबारा दादा, डोळ्यांत पाणी आलं. विकास सोसायटीत, म्हणजे गावात पीककर्ज देणाऱ्या सहकारी संस्थेत, आमच्याकडं उलट खेळ असतो. निवडणुकीच्या तोंडावर कोण थकबाकीदार आणि कोण नाही याची यादी अचानक बदलते. कर्ज थकलं की त्या सभासदाला मत नाही, हे कलम २७ मध्ये आहे. पण त्याच ठिकाणी शेतकऱ्यासाठी एक सूट आहे, ती कुणी सांगत नाही. तुम्ही तुमचा माल ठरल्याप्रमाणं विक्री किंवा प्रक्रिया संस्थेला घातला असेल, आणि त्या मालाची किंमत कर्जाएवढी किंवा जास्त असेल, तर हिशोब नंतर झाला तरी तुम्ही थकबाकीदार धरले जात नाही. पावती जपून ठेवा रे बाबांनो.

मांडवीकाठ
बुधवार, रात्री ८.३०

गोव्यातून लिहितोय. आमचा कायदा वेगळा, २००१ चा गोवा सहकारी संस्था अधिनियम. पणजीला आमच्या इमारतीत निम्मे मालक बाहेर असतात, सभेला कायम तीच दहा माणसं. धागा वाचून एवढं कळलं की नामनिर्देशनाचा अर्ज माझ्या ड्रॉवरमध्ये तीन वर्षं कोरा पडलाय. उद्या भरून देतो.

पारसनाथ_गल्ली
गुरुवार, सकाळी ८.०५

मला एक वेगळीच शंका आहे. सभासदत्व नाकारायचा अधिकार संस्थेला मुळात असतोच का? आमच्याकडे एका कुटुंबाला ‘तुमचं खाणंपिणं जुळत नाही’ म्हणून फ्लॅट विकायला ना-हरकत दिली नाही. तोंडी सांगितलं, लेखी काहीच नाही.

वकील_वाडा
गुरुवार, सकाळी ११.४०

कलम २३ खुल्या सभासदत्वाचं आहे. पात्र माणसाला पुरेशा कारणाशिवाय नाकारता येत नाही, नाकारलं तर कारणासह कळवावं लागतं, आणि दोन महिन्यांच्या आत निबंधकाकडे अपील होतं. शिवाय कलम २२ प्रमाणे अर्जावर तीन महिन्यांत निर्णय कळवला नाही तर अर्जदार मानीव सभासद ठरतो, म्हणजे तो सभासद झालाच असं धरलं जातं. सोसायटी अर्जच घेत नसेल तर तो निबंधकामार्फत पाठवता येतो. खाण्यापिण्याचं कारण लेखी द्यायला सांगा. कुणी देणार नाही.

पण पूर्ण चित्र सांगतो. २००५ साली अहमदाबादच्या झोरास्ट्रियन गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने, फक्त पारशांनाच सभासद करण्याचा त्या संस्थेचा उपविधी (संस्थेचा नोंदवलेला नियम) वैध ठरवला. एका समाजाने स्वेच्छेने एकत्र येऊन संस्था काढली, उपविधी तसा नोंदवून घेतला, तर तो मोडता येत नाही, असा त्याचा आशय. मला स्वतःला तो निकाल पटत नाही. शहरातली जमीन ही सगळ्यांची गरज आहे. पण तो कायदा आहे. तुमच्या गल्लीतल्या सोसायटीच्या उपविधीत असं काही नोंदलेलं नसेल, तर अध्यक्षांच्या आवडीनिवडीला काही किंमत नाही.

नानल_पेठ
गुरुवार, दुपारी १२.३०

समाजासमाजाच्या सोसायट्या आपल्याकडे जुन्याच आहेत. मुंबईत गावदेवीला सारस्वतांनी १९१५ साली काढलेली सोसायटी देशातल्या अगदी पहिल्या गृहनिर्माण संस्थांपैकी. तेव्हा परक्या शहरात भाड्याने घर मिळत नव्हतं म्हणून माणसं एकत्र आली. गरजेतून जे उभं राहिलं त्याचा उपयोग आज दुसऱ्याला घर नाकारायला होत असेल तर वाईट वाटतं. वकीलसाहेबांशी सहमत.

व्यवस्थापक
गुरुवार, दुपारी १.१५

चर्चा चांगली चालली आहे. समाजनिहाय सोसायट्यांचा विषय मोठा आहे, त्यासाठी वेगळा धागा काढावा. इथे मूळ प्रश्नाकडे वळूया.

सहकारातला_म्हातारा
गुरुवार, संध्याकाळी ५.००

रानजाई ताई, अर्ज नव्याने देत असाल तर जुन्या अर्जाचा उल्लेख तारखेसह करा. आधीचा अर्ज तेरा महिन्यांपूर्वी दिलाय, म्हणजे तीन महिने कधीच उलटले. वकील_वाडा म्हणतात तो मानीव सभासदत्वाचा मुद्दा तुमच्या हातात आहे, पण पोच मात्र हवी. नामनिर्देशनाची पोच, मृत्यूचा दाखला, मूळ भाग दाखला, मेंटेनन्सच्या शेवटच्या वर्षाच्या पावत्या जोडा. उपविधीतल्या ठरावीक नमुन्यात अर्ज भरा, साध्या कागदावर नको, नाहीतर ‘नमुन्यात नाही’ म्हणून आणखी महिना जाईल. प्रत उपनिबंधक कार्यालयात आवक-जावक शिक्क्यासह द्या. सभासद नोंदवहीचा म्हणजे आय नमुन्याचा आणि जे नमुन्यातल्या यादीचा उतारा मागा.

पुनर्विकासाच्या सभेबद्दल: ४ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाप्रमाणे त्या सभेला दोनतृतीयांश सभासदांची हजेरी लागते, आणि मंजुरीसाठी एकूण सभासदांपैकी ५१ टक्क्यांची संमती. उपस्थितांपैकी नव्हे, एकूण. तुमच्या ६४ सदनिकांपैकी अशी वारस नोंद अडकलेली किती घरं आहेत हे विचारून बघा. पाच-सहा निघाली तर कमिटीलाच नोंदी पूर्ण करायची घाई होईल, कारण संमतीचा आकडा त्यांनाच जुळवायचाय.

रानजाई
तीन आठवड्यांनंतर, रविवार, रात्री १०.२०

उशीर झाला, माफ करा. बरंच घडलं.

म्हातारेकाकांनी सांगितलं तसं विचारत गेलो. ६४ पैकी नऊ घरं निघाली! त्यातल्या सात घरांत मागे राहिलेली बाईच आहे. आईने स्वतः त्या सातही जणींकडे जाऊन चहा घेतला. दोघींकडे नामनिर्देशनच नव्हतं. त्यांच्यासाठी वकीलसाहेबांना व्यक्तिगत निरोप पाठवला होता, त्यांनी लगेच कळवलं की नामनिर्देशन नसलं तरी कमिटीला जो वारस दिसतो त्याला तात्पुरता सभासद करून घेता येतं, वर्तमानपत्रात जाहीर सूचना देऊन. नऊ अर्ज एकाच दिवशी दिले. सचिवांनी सगळ्यांची पोच दिली. त्यांनी १५४ब-१३ वाचलेलं नव्हतं. मी छापून नेलं होतं, ते त्यांनी माझ्यासमोर दोनदा वाचलं आणि म्हणाले, “हे आम्हाला खात्याकडून कधी आलंच नाही.” मला त्यांचा राग आला होता, तो तिथे थोडा उतरला.

दादाची लेखी हरकत आली. कमिटीने त्याला दोन ओळींचं उत्तर दिलं, वकील_वाडा यांनी लिहिलं होतं अगदी तसंच. दादा अजून रागावलेला आहे. फोन घेतो, पण कामापुरतं बोलतो.

आजीला भेटायला संगमेश्वरला जाऊन आले. ती म्हणाली, मला त्या घरातलं काही नको, पण सही करायच्या आधी कागद मला पूर्ण वाचून दाखवा, मधलं एक पान गाळू नका. हक्कसोड पत्राचं काम नंतर, त्यात दादाही हवा.

आज सभा झाली. व्हिडिओ चित्रण चालू होतं. हजेरीच्या वहीत आईचं नाव १७ क्रमांकावर, तिच्या स्वतःच्या नावाने, पुढे कंसात ‘तात्पुरता सभासद’. तिने सही केली, मग पेन पुढच्या काकूंना दिलं. पुनर्विकासाच्या ठरावावर आईने विरोधात हात वर केला. तिचं म्हणणं, आधी अभिहस्तांतरण (जमीन सोसायटीच्या नावावर करणं) पूर्ण करा, जमीन अजून बिल्डरच्या नावावर आहे, मग पाडापाडीचं बोला. तिच्यासह अकरा जण विरोधात होते. ठराव मंजूर झाला.

घरी येताना मी विचारलं वाईट वाटलं का. म्हणाली, “हरले ना, त्यात काय. इतिवृत्तात माझं म्हणणं नावासकट लिहायला सांगितलंय, ते आलं का तेवढं बघ.”

म्हातारेकाका, इतिवृत्ताची प्रत किती दिवसांत मागता येते?

सहकारातला_म्हातारा
रविवार, रात्री १०.४५

कलम ३२ प्रमाणे सर्वसाधारण सभेचं इतिवृत्त पाहायचा सभासदाला हक्क आहे, तात्पुरत्या सभासदालाही. उद्याच लेखी मागणी द्या. मसुद्यात नाव नसेल तर पुढच्या सभेत इतिवृत्त कायम होण्याआधी लेखी दुरुस्ती सुचवा, नंतर नाही. आणि अभिहस्तांतरणाबद्दल आई बरोबर बोलल्या. बिल्डर स्वतः करून देत नसेल तर मानीव अभिहस्तांतरणाचा अर्ज जिल्हा उपनिबंधकांकडे करायचा असतो. त्यांना सांगा, कागद काय काय लागतात ते मी उद्या सकाळी इथेच लिहितो.

सातबारा
रविवार, रात्री ११.१०

आईंना आमच्या बापाचा नमस्कार सांगा. त्याला आत्ताच वाचून दाखवलं.